आईसाठी तळमजल्याची जागा हवी आहे, बिऱ्हाडकरू सोडत नाहीत. दावा लावावा का?

जिन्याखाली

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं वाचनमात्र आहे, आज गळ्याशी आलं म्हणून लिहितोय. जरा लांबेल.

नारायण पेठेत आमचा वडिलोपार्जित वाडा आहे. वाडा म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे दारी हत्ती झुलायला लागतात, तसलं काही नाही. दिंडीदरवाजा, एवढासा चौक, बुजवलेला आड आणि वर माडी. माडीवर आम्ही राहतो: मी, बायको, दहावीतली मुलगी आणि आई. आई ७९ वर्षांची. मागच्या वर्षी तिच्या उजव्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. डाव्याला हात लावायला डॉक्टर तयार नाहीत, हृदय साथ देणार नाही म्हणतात. जिना लाकडी, चौदा पायऱ्या, आणि एकेक पायरी अशी उंच की तरण्या माणसानेही दोर धरून चढावं. दोर आहेच, आजोबांनी बांधलेला. गेल्या दिवाळीपासून आई खाली उतरलेली नाही. दवाखान्याच्या दोन खेपा झाल्या तेव्हा खुर्चीत बसवून मी आणि शेजारच्या मुलाने उचलून उतरवली. दर संकष्टीला मोदी गणपतीला जाणारी बाई आता खिडकीतून हात जोडते.

तळमजल्याला चौकाच्या डाव्या अंगाला तीन खोल्या आणि ओसरी. तिथे १९६८ पासून एक बिऱ्हाड आहे. मूळ भाडेकरू वारले. आता त्यांच्या पत्नी (आम्ही काकू म्हणतो, वय ७४) आणि थोरला मुलगा. तो बँकेतून निवृत्त, लग्न केलं नाही. भाडं ८५ रुपये. हो, महिन्याचं. कार्बन घालून पावती मी अजून स्वतः फाडतो. गेल्या पावसाळ्याआधी कौलं आणि सडलेले वासे बदलायला एक लाख चाळीस हजार गेले.

काकूंच्या मुलाशी नीट बोललो. म्हटलं, रस्त्याकडच्या दोन खोल्या तरी द्या, आई आणि एक बाई राहील. तो म्हणाला, "आईला विचारतो." दुसऱ्या दिवशी ओसरीवरच गाठून म्हणाला, "आईचेही गुडघे गेलेत रे. आम्ही वर जाऊ म्हणतोस का?" मला पुढे बोलता आलं नाही.

वकिलांकडे जाऊन आलो. ते म्हणतात स्वतःच्या गरजेसाठी दावा टाकू, सरळ केस आहे. नोटिशीचा मसुदाही दिलाय. तो चार दिवस माझ्या बॅगेत आहे. आईला अजून सांगितलेलं नाही, नाशिकच्या बहिणीला सांगितलं तर ती फोनच ठेवून बसली.

कोणी यातून गेलंय का? किती वर्षं लागतात? जागा खरंच मिळते का?

कडीकोयंडा

८५ रुपये!!! अहो, त्यात दोघांचा हॉटेलातला नाश्ता होत नाही. वर्षाचे १,०२० रुपये घेऊन तुम्ही त्यांच्या डोक्यावरची कौलं १,४०,००० ला शाकारून देता, आणि वर त्यांनाच "जाता का" विचारताना तुमची जीभ अडखळते. धन्य आहात.

नोटीस पाठवा. भावनांचं लोणचं घालू नका. घर तुमचं, आई तुमची.

तुळशीपाशी

कडीकोयंडा, १९६८ साली त्या माणसाने मालकाला काय दिलं होतं ते माहीत आहे का तुम्हाला? त्या काळात जागा मिळवायला पागडी मोजावी लागायची, पावतीशिवाय. भाडं ८५ दिसतं, आत गेलेली रक्कम दिसत नाही. १९९९ च्या कायद्याने पागडी अधिकृत केली, त्याआधी तो गुन्हा होता म्हणून कोणीच बोलायचं नाही.

जिन्याखाली

पागडी घेतली नव्हती, एवढं खात्रीने सांगतो. वडिलांच्या वहीत अनामत ३०० रुपये आहे. पानशेतच्या पुरात त्यांचं शनिवारातलं घर गेलं होतं, मग काही वर्षं इकडेतिकडे काढून आमच्याकडे आले. आजोबांनी ओळखीवर ठेवून घेतलं.

कज्जेदलाल

व्यवसायाने वकील आहे, पण तुमचा वकील नाही, तेव्हा हा सल्ला नव्हे, गप्पा समजा.

महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ हा कायदा ३१ मार्च २००० पासून लागू आहे. त्यातल्या कलम १६(१)(g) प्रमाणे, म्हणजे सगळे "सोळा-एक-जी" म्हणतात ते, मालकाला जागा स्वतःच्या राहण्यासाठी "वाजवी आणि प्रामाणिकपणे" हवी असेल तर कब्जा मागता येतो. दोन शब्द वेगवेगळे आहेत हे लक्षात घ्या. प्रामाणिक म्हणजे मनात दुसरा डाव नाही. वाजवी म्हणजे नुसती हौस नाही, निकड आहे. आई स्वतः वारसाहक्काने मालकीण असणार, त्यामुळे "मालकाची गरज" यात शंका नाही. मुलासाठी, सुनेसाठी मागितली तरी सुप्रीम कोर्टाने "स्वतः"चा अर्थ कुटुंबापर्यंत नेलेलाच आहे.

कुठल्या मालकाने कसं राहावं हे भाडेकरूने सांगायचं नाही, कोर्टानेही नाही. आपल्या गरजेचा उत्तम पारखी मालकच, हे सुप्रीम कोर्टाचं वाक्य प्रत्येक दाव्यात येतं. पण त्याने निम्मीच लढाई होते. पुढे कलम १६(२) बसलेलं आहे: हुकूमनामा दिला तर जास्त हाल कोणाचे, नाही दिला तर कोणाचे. याला आम्ही कम्पॅरेटिव्ह हार्डशिप म्हणतो. तुमच्या आईचे गुडघे एका पारड्यात, काकूंचे दुसऱ्या. काकूंच्या मुलाने दुसरी जागा शोधायचा काही प्रयत्न केला का, निवृत्तीचे पैसे आहेत का, कुठे फ्लॅट आहे का, हे सगळं तिथे निघतं. आणि त्याच कलमात एक सोय आहे जी लोक विसरतात: थोड्या भागाचा कब्जा देऊन दोघांचं भागत असेल तर कोर्ट तेवढ्याच भागाचा हुकूमनामा करू शकतं. तुम्ही दोन खोल्या मागितल्या होत्यात ना? मग तिन्ही खोल्यांचा दावा का लावताय?

वेळ विचारलीत. माझ्या हातून गेलेल्या दाव्यांत पहिल्या कोर्टात पाच-सात वर्षं सहज गेली. मग जिल्हा न्यायालयात अपील, मग हायकोर्ट. ज्येष्ठ नागरिक म्हणून लवकर चालवा असा अर्ज देता येतो. पण इथे दोन्हीकडे ज्येष्ठ नागरिक आहेत!

शिळा_चहा

सात वर्षांनी आई ८६ ची. आणि देव न करो, मध्येच काही झालं तर दावा निकाली का?

कज्जेदलाल

गरज मोजतात ती दावा दाखल झाला त्या दिवशीची. उत्तर प्रदेशातल्या एका मालकाने मुलाच्या दवाखान्यासाठी जागा मागितली होती. निकाल लागेस्तोवर दोन दशकं उलटली, मुलगा सरकारी नोकरीत डॉक्टर झाला. भाडेकरू म्हणाला, आता गरज कुठे राहिली? २००१ साली सुप्रीम कोर्टाने मालकाच्या बाजूने निकाल दिला: कोर्टाच्या संथपणाची शिक्षा मालकाला नको. नंतरच्या घटनेने गरज पार पुसलीच गेली असेल तर गोष्ट वेगळी. जागा फक्त आईसाठी मागितलीत आणि आई राहिली नाही, तर ती पुसली गेली असंच समोरचा वकील म्हणणार. म्हणून दाव्यात कुटुंबाची गरज लिहितात. सांगायला बरं वाटत नाही, पण लिहितात.

कडीकोयंडा

म्हणजे ज्याची जागा त्याने सिद्ध करायचं की त्याला गुडघे आहेत. वा! मुंबईचं भाडं १९४० च्या आकड्यावर गोठवून ठेवणं अवाजवी आहे असं सुप्रीम कोर्टाने १९९७ मध्येच म्हटलंय, मालपे विश्वनाथ आचार्यांच्या खटल्यात. त्यानंतर नवा कायदा आला, त्यात काय मिळालं? वर्षाला ४ टक्के वाढ. ८५ चे ८८ रुपये ४० पैसे. जल्लोष करा.

कज्जेदलाल

आणि ते ४ टक्केसुद्धा पेठांतल्या निम्म्या मालकांनी घेतले नाहीत. जिन्याखाली, तुम्ही घेतलेत का? २००० पासून चढवत आला असतात तर आज सव्वादोनशेच्या घरात असतं. श्रीमंत झाला नसतात, पण कोर्टात वही स्वच्छ दिसली असती.

जिन्याखाली

नाही घेतले. वडील म्हणायचे, तीन रुपयांसाठी कोण तोंड उघडणार.

तुळशीपाशी

आता माझी बाजू. आम्ही भाडेकरू होतो, गिरगावात, एका चाळीत दोन खोल्या. मालकाने धाकट्या मुलाचं लग्न ठरलंय म्हणून दावा लावला. आई-बाबा आठ वर्षं धोबीतलावच्या स्मॉल कॉजेस कोर्टात तारखा करत होते. बाबा डबा घेऊन जायचे, कारण नंबर कधी लागेल ते सांगता यायचं नाही. हरलो. डोंबिवलीला गेलो. मी तेव्हा कॉलेजात होते.

सहा महिन्यांनी जुन्या शेजारणीच्या मुलीच्या साखरपुड्याला गेलो तर आमच्या दारावर क्लासची पाटी. दहावी-बारावी, सायन्स-कॉमर्स. आत बाकं. आमच्या देवघराच्या कोनाड्यात डस्टर आणि खडूचा डबा. बाबा काही बोलले नाहीत, लाडू खाल्ला आणि निघाले. धाकटा मुलगा लग्न करून ठाण्यात राहत होता, राहतोय.

बाबांना कोणी सांगितलंच नाही की असं केलं तर जागा परत मागता येते. मला कळलं ते चार वर्षांनी.

कज्जेदलाल

ताई, कलम १७. स्वतःसाठी म्हणून कब्जा घेतला आणि महिन्याभरात राहायला गेला नाही, किंवा वर्षाच्या आत दुसऱ्याला भाड्याने दिली, तर जुना भाडेकरू जागा परत मागू शकतो. अर्जाची मुदत कब्जा गेल्यापासून तेरा महिने. ते तेरा महिने सामान लावण्यात आणि मुलांच्या शाळा बदलण्यात जातात. माझ्या उभ्या वकिलीत हा अर्ज मी दोनदा पाहिलाय.

बर्फातला_बाजीराव

कॅनडातून. इथे ओंटारियोत याला एन-१२ म्हणतात. मालकाला किंवा त्याच्या आईवडील, मुलं अशा जवळच्यांना राहायचं असेल तर ६० दिवसांची नोटीस आणि एका महिन्याचं भाडं भरपाई. राहायला येणाऱ्याने किमान वर्षभर राहण्याचा इरादा पाहिजे. आम्ही ब्रॅम्प्टनमध्ये बेसमेंटला होतो. मालकाची सासू येणार होती. आम्ही मुकाट्याने गेलो, आणि दीड महिन्यात तीच जागा जाहिरातीत, ४०० डॉलर जास्त. फोटोत आमचाच पडदा! इथे वर्षाच्या आत तक्रार करता येते. केली. सुनावणीची वाट बघतोय.

सासू काही आली नाही. सासू जगभर सोयीची.

राईनकाठी

जर्मनीत "आयगनबेडार्फ", म्हणजे स्वतःची गरज. पत्रात कोणासाठी आणि का ते लिहावंच लागतं. नोटीस तीन महिने, पाच वर्षं राहिलेल्याला सहा, आठ वर्षांवर नऊ. आणि भाडेकरू म्हातारा किंवा आजारी असेल तर हालांचं कारण देऊन हरकत घेतो. मग डॉक्टरांचे दाखले दोन्हीकडून. थोडक्यात गुडघे विरुद्ध गुडघे इथेही चालतं, फक्त पाच वर्षांऐवजी दीड वर्ष.

ऑरेंज_सिटीवाला

नागपुरात २००० च्या आधी अजून गंमत होती. पहिले रेंट कंट्रोलरकडे जाऊन परवानगी काढा, सी. पी. अँड बेरारचा १९४९ चा हुकूम होता ना. तिथं गरज सिद्ध करा, अपील होऊ द्या, मग नोटीस, मग दिवाणी दावा. माझ्या आजोबांनी परवानगी काढली तेव्हा काकाच्या लग्नासाठी, अन् जागा मिळाली तेव्हा त्याच काकाच्या पोरीच्या लग्नात पाहुणे उतरवायला कामी आली. खोटं नाही सांगत.

वाकडचा_नवा

थोडं अवांतर. मी ११ महिन्यांच्या लिव्ह अँड लायसन्सवर आहे. मालक म्हणतो मुलगा पुण्यात येतोय, पुढच्या महिन्यात सोडा. करार अजून पाच महिने बाकी. मलाही हे हार्डशिप वगैरे लागू होईल का?

कज्जेदलाल

नाही. तुम्ही भाडेकरू नाही, लायसन्सी आहात. तुम्हाला १६ ची ढालही नाही आणि त्याला १६ ची गरजही नाही. मुदत संपल्यावर थांबलात तर कलम २४ खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे जाईल आणि दुप्पट दराने वसूल करेल. पण मुदतीच्या आत काढायचं असेल तर करारात नोटिशीचं काय लिहिलंय, लॉक-इन (ठरावीक काळ करार मोडायचा नाही अशी अट) आहे का, तेवढंच बघा. मुलगा येवो न येवो.

(मुलगा बहुतेक येत नाही. भाडं वाढवायचंय. विचारून बघा.)

वाकडचा_नवा

विचारलं. तीन हजार वाढवले तर मुलगा हडपसरला राहायला तयार आहे म्हणे.

दोन_खण_ओसरी

सगळे कायदा सांगताहेत, मी वाडा सांगते. माझं माहेर कसब्यात, सासर सदाशिवात, दोन्ही वाडे. जिन्याखाली, तुमच्या वर्णनात दिंडीदरवाजा आहे, चौक आहे, डाव्या अंगाचं बिऱ्हाड आहे. नारायण पेठेतल्या वाड्याला दर्शनी बाजूला दुकान नाही असं होत नाही. उजव्या अंगाला काय आहे? कोणाकडे आहे?

शिळा_चहा

ओ हो हो. बसा रे सगळे.

जिन्याखाली

(दोन दिवसांनी)

दुकान आहे. ते लिहायचं मुद्दाम टाळलं नव्हतं, या प्रश्नाशी त्याचा संबंध नाही असं वाटलं.

पूर्वी तिथे वाण्याचं दुकान होतं, जुनेच भाडेकरू. २०२१ मध्ये त्यांनी आपणहून सोडलं. आम्ही ते मोबाइलची कव्हरं विकणाऱ्या एकाला लायसन्सवर दिलं, १८,००० रुपये. पुढे दुकान आणि मागे एक कोठीची खोली, ती तो माल ठेवायला वापरतो. तिथे आई राहू शकत नाही, शटर आहे, समोर रस्ता, दिवसभर हॉर्न. शिवाय मुलीच्या क्लासची फी आणि आईची औषधं त्या १८,००० तून जातात. ८५ मधून नाही जात.

तुळशीपाशी

म्हणजे २०२१ साली तळमजल्यावर जागा रिकामी झाली होती. आई तेव्हा पंचाहत्तरीची. तेव्हा भाड्याने दिलीत. आणि आता काकूंना जायला सांगताय.

कडीकोयंडा

ताई, २०२१ ला आईचे गुडघे ठीक होते. माणूस काय कुंडली बघून दुकान देतो का?

तुळशीपाशी

आमच्या मालकाचाही वकील हेच म्हणाला होता.

कज्जेदलाल

भांडू नका. दुकान असण्याने दावा पडत नाही. दुकान आणि राहण्याची जागा वेगळी, आईने शटरमागे राहावं असं कुठलं कोर्ट म्हणणार नाही. पण दाव्यात दुकान *लिहिलं नाही* तर पडतो. जिन्याखाली, बॅगेतला मसुदा काढा आणि बघा, त्यात तुमच्या ताब्यातल्या सगळ्या जागा लिहिल्यात का?

जिन्याखाली

नाही. "वादींकडे तळमजल्यावर दुसरी जागा नाही" असं लिहिलंय. मी सांगितलंच नव्हतं त्यांना.

कज्जेदलाल

मग ऐका, उलटतपास कसा होतो ते. तुम्ही पिंजऱ्यात. "वाड्याला एकूण खोल्या किती?" तुम्ही सांगता. "दर्शनी दुकान कोणाच्या ताब्यात?" सांगता. "लायसन्स कधी दिलं?" नोंदणीकृत करार समोर ठेवलेला असतो, तारीख बघून सांगता. "त्या दुकानामागे खोली आहे, तिचं एक दार चौकात उघडतं, हे खरं का?" आता इथे काय म्हणाल? "हे दावापत्रात नमूद केलं नाही, हे खरं का?" पाच मिनिटांत तुमच्या आईचे गुडघे बाजूला राहतात आणि तुम्ही लपवलेली खोली उरते. गरज खरी असूनही हरलेले मालक मी पाहिलेत, याच पाच मिनिटांत.

चौकात दार उघडतं का हो?

जिन्याखाली

उघडायचं. वाणी होता तेव्हाच विटा लावून बंद केलंय, उंदीर येतात म्हणून.

दोन_खण_ओसरी

विटा काढता येतात. कोठीची खोली किती मोठी? आणि मोरी?

जिन्याखाली

दहा बाय बारा भरेल. मोरी आहे छोटी, वाणी डबे धुवायचा. काल रात्री दुकान बंद झाल्यावर चौकातून टॉर्च मारून बघितलं, खिडकीतून. खोके आहेत छतापर्यंत. खिडकी काकूंच्या ओसरीसमोरच येते. काकूंनी विचारलं, "काय रे, काय शोधतोयस?" मी म्हटलं, मांजर.

कडीकोयंडा

माझं मत बदललेलं नाही, हे नोंदवून ठेवतो. ८५ रुपयांवर पन्नास-पंचावन्न वर्षं हा अन्याय आहे आणि तो तुमच्या मालाच्या खोलीने भरून निघत नाही. उद्या वाडा पडायला आला की बघा. बिल्डर आला की हेच बिऱ्हाडकरू नव्या इमारतीत कायद्याने जागा मागतील आणि घेतील. तेव्हा कोणी हाल मोजायला बसणार नाही.

शिळा_चहा

ते खरं आहे, पण आईला आत्ता खाली उतरायचंय.

जिन्याखाली

(तीन आठवड्यांनी)

उशीर झाला, माफ करा. काय काय झालं ते सांगतो.

आईला सगळं सांगितलं, नोटिशीसकट. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "हिच्या हातचं बाळंतपण खाल्लंय मी, तुझ्या वेळेला." बास. नोटीस फाडली नाही, वकिलांना परत केली. त्यांनी मसुद्याचे पैसे घेतले. बरोबरच आहे.

दुकानवाल्याशी बोललो. करार पुढल्या महिन्यात संपतोय. मागची खोली सोडायला तयार आहे, पण भाडं १२,५०० म्हणतो. म्हणजे महिन्याला साडेपाच हजार गेले. बायको दोन दिवस बोलत नव्हती, तिसऱ्या दिवशी क्लासवाल्यांकडून फीचे हप्ते करून घेऊन आली.

गवंडी येऊन बघून गेला. विटांमागे जुनी चौकट शाबूत आहे, सागवानी. दुकान आणि खोलीमधलं दार भिंत घालून बंद करायचं.

आता अडलंय ते संडासावर. चौकात मागे दोन संडास आहेत, दोन्ही भारतीय पद्धतीचे. आईला बसता येत नाही, कमोड पाहिजे. काकूंना विचारलं, एकाला कमोड बसवू का? त्या म्हणाल्या, "बसव की, मलाही कुठे बसता येतंय. दोन वर्षं स्टूल ठेवून भागवतेय." इतकी वर्षं एका वाड्यात राहून हे मला माहीत नव्हतं.

त्यावर त्यांचा मुलगा म्हणाला निम्मा खर्च आम्ही देऊ. मी म्हटलं नको. तो म्हणाला, घेतलाच पाहिजेस, आणि पावती फाड.

कज्जेदलाल, प्रश्न असा: हे निम्मे पैसे घेतले तर उद्या त्यांचा संडासावर काही हक्क वगैरे येतो का? बायको विचारतेय.

कज्जेदलाल

त्यांचा हक्क १९६८ पासून आहे. पैसे घ्या. पावतीवर "भाडे" लिहू नका, "दुरुस्ती वर्गणी" लिहा. आणि वहिनींना सांगा, ४ टक्के वाढ मागायला ही वेळ वाईट नाही.

दोन_खण_ओसरी

संडासात धरायला स्टीलचा दांडा लावा, दोन्ही बाजूंना. नुसत्या कमोडने काही होत नाही, उठताना लागतो. आणि पाण्याचं बघा. पेठेत संध्याकाळी धार कमी येते, फ्लशची टाकी भरणार नाही. बाहेर पिंप ठेवा.

जिन्याखाली

पिंपाचं लक्षात नव्हतं आलं. काकूंकडे एक तांब्याचं आहे, हंड्याएवढं, देते म्हणाल्या. आई म्हणते, तांब्याचं संडासाला नको. दोघींचं वरून खाली, खालून वर चाललंय सकाळपासून, खिडकीतून.